कुरूप पिल्लाची मधली गोष्ट आपण पोरांना सांगतच नाही

बोरीकाठ (धागा सुरू केला)

रामराम मंडळी,

आमच्या अमळनेर तालुक्यातल्या गावात चार वर्षांपासून दर रविवारी सकाळी मी मारुतीच्या पारावर पोरांना गोष्टी वाचून दाखवते. एरवी दहा-बारा पोरं असतात, कपाशी वेचायच्या दिवसांत पाच-सहाच येतात. मागच्या महिन्यात कुरूप पिल्लाची गोष्ट काढली. गदिमांच्या गाण्यामुळे ती आपल्या घराघरात पोचलेली आहे, पोरांनाही तोंडपाठ होती. बदकांत एक वेगळं पिल्लू, सगळे त्याला हिणवतात, एक दिवस ते पाण्यात बघतं आणि राजहंस निघतं. गाणं लहान असतं, मधला प्रवास त्यात मावायचा नाही. त्याला माझी हरकत नाही. पण गोष्ट म्हणूनही आपण पोरांना तेवढंच सांगतो. म्हणून या खेपेला मी हान्स अँडरसनची 1843 सालची मूळ गोष्ट सगळीच्या सगळी वाचायला घेतली. तीन रविवार लागले.

मूळ गोष्टीत ते पिल्लू काठावर रडत बसत नाही. टोचे खाऊन खाऊन शेवटी कुंपणावरून उडून पळतं. पाणथळीत दोन रानटी कलहंस (गूज) त्याच्याशी दोस्ती करतात, तेवढ्यात बंदुकीचे बार होतात आणि दोघंही पाण्यात मरून पडतात. शिकारी कुत्रा थेट समोर येऊन दात दाखवतो आणि तसाच निघून जातो. पिल्लू म्हणतं, मी इतका कुरूप की कुत्राही मला तोंड लावेना. पुढे एका म्हातारीच्या पडक्या झोपडीत आसरा मिळतो. तिथली मांजर आणि कोंबडी त्याला रोज बोल लावतात, म्हणून तेही सोडतं. मग हिवाळा येतो.

त्या हिवाळ्यासाठीच हा धागा काढलाय. तळं गोठत चाललंय. पिल्लू पोहतंय तेवढंच पाणी मोकळं राहतं, म्हणून ते रात्रभर पाय मारत राहतं. रोज सकाळी ती मोकळी जागा कालच्यापेक्षा लहान झालेली असते. शेवटी ते दमतं, थांबतं आणि बर्फात अडकतं. सकाळी एक शेतकरी तिकडून जात असतो, तो पायातल्या लाकडी जोड्यानं बर्फ फोडतो आणि त्याला घरी नेतो.

आमच्या पोरांना बर्फ ठाऊक तो गोळेवाल्याचा. तळं गोठतं म्हणजे काय होतं, ते कोणाच्या डोळ्यासमोर येईना. मी दोनदा समजावलं. मग पाचवीतला एक पोरगा म्हणाला, "ताई, वैशाखात बोरीतला डोह आटतो, तसं का?" झालं, सगळ्यांना कळलं. उन्हाळ्यात आमची बोरी नदी कोरडी पडते. पुलाखाली एखादं डबकं उरतं, ते रोज वीतभर आत सरकतं आणि त्यातल्या मासोळ्या रोज आणखी जवळ जवळ येतात. हे प्रत्येकानं पाहिलेलं आहे. त्यानंतर पारावर कोणी चुळबुळ केली नाही.

रात्रभर पाय मारणाऱ्या त्या पिल्लाला आपण राजहंस आहोत हे माहीतच नव्हतं. मला सगळी गोष्ट तिथे दिसते. आपण मात्र पोरांना थेट शेवट देतो, रडू नकोस, तू राजहंस आहेस. ज्या पोराला अजून दोन हिवाळे काढायचेत, त्याच्या हाती त्यातून काय लागतं?

तुम्ही ही गोष्ट घरी कशी सांगता? आणि तुम्हाला ती कशी सांगितली गेली?

---

केळीबाग_रावेर

ताई, मी अंड्यापासून सुरू करतो. आमच्या घरात ही गोष्ट खरोखर घडलेली आहे.

माझ्या आईनं एकदा खुडूक कोंबडीखाली बदकाची पाच अंडी ठेवली. कोंबडीचं अंडं 21 दिवसांत फुटतं, बदकाचं 28 दिवसांत. तीन आठवडे झाले तशी ती कोंबडी अस्वस्थ झाली, उठायला बघायची. आई डालग्याखाली दाणे आणि पाणी सरकवायची, पाठीवरून हात फिरवायची, ती पुन्हा बसायची. हंसाच्या अंड्याला तर पाच आठवडे आणि वर काही दिवस लागतात. म्हणजे गोष्टीतलं ते मोठं अंडं सगळ्यात शेवटी फुटतं, ते अगदी बरोबर लिहिलंय. आणि बाकीची पिल्लं बाहेर येऊन किलबिलत असताना ती बदकीण त्या एकाच अंड्यावर बसून राहते. एक म्हातारी बदकीण भेटायला येऊन सांगते, हे टर्कीचं अंडं आहे, सोड ते, बाकीच्यांना पोहायला शिकव. ही म्हणते, इतकी बसले, आणखी थोडी बसते.

गोष्टीतला पहिला चिवटपणा त्या आईचा आहे. तिच्याबद्दल कोणी बोलत नाही. पिल्लू दिसायला बरं नाही असं लोक म्हणतात तेव्हा ती सांगते की स्वभावानं चांगलं आहे, आणि पोहतं तर इतरांपेक्षाही छान. पुढे तीच वैतागून म्हणते, तू कुठेतरी लांब निघून गेलास तर बरं. हे वाचताना मी थांबलो होतो. आई वाईट नव्हती. चार लोकांनी रोज रोज बोलून तिला तिथवर आणलं.

आमची कोंबडी मात्र वेगळी निघाली. बदकाची पिल्लं पहिल्यांदा हौदात उतरली तेव्हा ती काठावर जीव तोडून ओरडत फिरत होती. पाण्याची एवढी भीती, तरी पंजे बुडेपर्यंत आत गेली.

---

सातपुड्याची_लेक

हा धागा दोन दिवस नुसता वाचत होते. आज लिहिते.

मी रंगानं काळी आहे. शिरपूरकडचं माझं माहेर. आजीचा माझ्यावर फार जीव होता आणि ती जिवापाड प्रेमानंच म्हणायची, मोठी झाली की उजळशील. साय लाव, हळद लाव, उन्हात जाऊ नको. मला कुरूप पिल्लाची गोष्ट तिनंच सांगितली आणि वर म्हणायची, बघ, तुझंही असंच होणार. मी वाट पाहिली. आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) झोक्यावर बसलेल्या मुलींकडे बघत वाट पाहिली, बघायला आलेल्या लोकांपुढे पोह्यांच्या बशा नेताना वाट पाहिली. आज मी अडतीस वर्षांची आहे. रंग तोच आहे.

म्हणून मला या गोष्टीचा वर्षानुवर्षं राग होता. शेवटी देखणंच व्हावं लागतं, तेव्हाच मान मिळतो, असं ती सांगते असं वाटायचं. ज्याचं रूप बदलत नाही त्याच्यासाठी त्यात जागाच नव्हती.

बोरीकाठ ताई, तुम्ही लिहिलंय म्हणून मी मूळ गोष्ट शोधून वाचली. कोंबडीच्या घरातला प्रसंग तीनदा वाचला. आत ऊब, खायला मिळतंय. तरी पिल्लाच्या मनात येतं की पाण्यात जावं, डोकं बुडवावं, तळापर्यंत सूर मारावा. कोंबडी म्हणते, रिकामटेकडेपणामुळे तुला हे सुचतंय. ते म्हणतं, तुम्हाला मी कळत नाही, आणि दार ओलांडून निघून जातं. या वेळी ते अजून कुरूपच आहे. कोणी त्याला चांगलं म्हटलेलं नाही. तरी आपल्याला काय हवंय ते त्याला ठाऊक आहे आणि ते मागायची त्याला लाज वाटत नाही. ही ओळ मला बारा वर्षांची असताना कोणी वाचून दाखवायला हवी होती.

माझं शिवणाचं दुकान आहे. कॉलेजच्या मुली कापड घेऊन येतात आणि आरशासमोर विचारतात, "मावशी, हा मोरपंखी मला उठेल का? मी काळी आहे ना." मी त्यांना "उजळ दिसशील" कधीच म्हणत नाही. कापड खांद्यावर टाकते, पदरासारखं सोडते, "गळा केवढा ठेवू?" विचारते आणि टेप लावते. मुलगी एकदा आरशात बघते, मग मापाचं बोलायला लागते. माझ्या हातून एवढंच होतं, पण ते मी रोज करते.

---

वाचनवेडा_धुळे

सातपुड्याची लेक, तुमचा प्रतिसाद वाचून मी घरी मोठ्यानं वाचून दाखवला. धन्यवाद.

मला गोष्टीतलं एक वाक्य खटकतं ते इथे मांडतो. शेवटाकडे अँडरसन साधारण असं म्हणतो की हंसाच्या अंड्यातून आलेला असलास तर बदकांच्या वाड्यात जन्मलास म्हणून काही बिघडत नाही. म्हणजे किंमत अंड्याचीच. कष्ट, हिवाळा, पाय मारणं हे सगळं सोसून शेवटी निकाल काय, तर तो मुळातच वरच्या कुळातला होता. मग जो खरोखर बदकाच्याच अंड्यातून आला आणि तरीही टोचे खातो, त्यानं कुठे जायचं? आपल्याकडे माणूस कोणाच्या पोटी जन्मला हे आधी विचारायची सवय आहेच, शाळेच्या दाखल्यापासून सोयरिकीपर्यंत. त्या सवयीला ही गोष्ट खतपाणी घालते असं मला प्रामाणिकपणे वाटतं.

बरं, त्याच गोष्टीत पायाला लाल चिंधी बांधलेली म्हातारी बदकीण आहे. तिच्या अंगात स्पॅनिश रक्त आहे म्हणून सगळ्यांनी तिच्यापुढे मान झुकवायची. तिथे लेखकाला कुळाचा तोरा पुरता कळलेला आहे. मग शेवटी तो स्वतः त्याच वाटेनं का गेला?

---

बोरीकाठ

धुळेकर, हे वाक्य वाचताना माझीही जीभ अडखळली होती. गाळावं असं क्षणभर वाटलं, पण गाळलं नाही. लाल चिंधी पोरांना न समजावता कळली. एकजण म्हणाली, "लग्नात पुढच्या खुर्चीवर बसवतात ना, त्यांच्यासारखं." अंड्याच्या वाक्यावर मात्र भांडण झालं. अर्धी पोरं म्हणाली बरोबर आहे, अर्धी म्हणाली मग बाकीच्या बदकांचं काय. मी निकाल दिला नाही.

केळीबाग भाऊ, त्या आईबद्दल तुम्ही लिहिलंत ते मी पुढच्या वेळी नक्की सांगणार.

---

जामनेरी

वाचतोय ताई. फार दिवसांनी असा धागा आला. लिहीत रहा सगळे.

---

पारोळ्याचा_पोऱ्या

मला कोंबडी आणि मांजरीबद्दल बोलायचंय, कारण मी त्यांच्या घरात चार वर्षं काढली आहेत.

बारावीनंतर पुण्याला इंजिनिअरिंगला गेलो. खोलीत आम्ही चौघं. पहिल्याच रात्री घरी फोन लावला आणि आईशी आपल्या अहिराणीत बोललो. फोन ठेवला तर खोलीतले दोघं "माले, तुले" करून हसत होते. दुष्ट नव्हते ते, पुढे परीक्षेत नोट्सही त्यांनीच दिल्या. पण दुसऱ्या दिवसापासून मी फोनवर बोलायला जिन्यात जाऊ लागलो. मग जिन्यातही हळू बोलू लागलो. दिवाळीला घरी गेलो तर आजीशी पुस्तकी मराठीत बोलत होतो. तिनं दोन-तीन दिवस ऐकून घेतलं आणि आईला विचारलं, "हाऊ मनावर रागे भरेल शे का?" (हा माझ्यावर रागावलाय का?) त्याचं उत्तर मी आजीला तेव्हा देऊ शकलो नाही आणि आता ती नाही.

गोष्टीत कोंबडी विचारते, तुला अंडं घालता येतं का? मांजर विचारते, तुला पाठ कमानीसारखी वर काढता येते का, घुरघुरता येतं का? नाही ना, मग गप्प बस, शहाण्यांच्या मध्ये बोलू नको. मी हे वाचलं तेव्हा मला ते सरळ आपल्या बोलीतच ऐकू आलं, "तुले अंडा देता येतस का?" अंडं घालणं ही मोठीच गोष्ट आहे. कोंबडीचं त्यात चुकलेलं काही नाही. फक्त तिच्याकडे माप एकच आहे आणि ते तिच्या स्वतःच्या अंगाचं आहे. पिल्लाला सूर मारता येतो, ते मोजायला तिच्याकडे काही साधनच नाही.

आता मी ऑफिसच्या फोनवरही घरच्यांशी अहिराणीतच बोलतो. मुद्दाम मोठ्यानं नाही, जसं बोलायचं तसं. इथवर यायला मला नऊ वर्षं लागली.

---

आसोदेकर

पारोळ्याच्या भाऊंनी बोलीचा विषय काढला म्हणून आमच्या गावची लेक आठवली. बहिणाबाई चौधरी आसोद्याच्या, जन्म 1880 चा. लिहिता-वाचता येत नव्हतं. तरुणपणीच वैधव्य आलं, पदरात मुलं, शेतातलं आणि घरातलं काम. जात्यावर, शेतात काम करता करता आपल्या लेवा बोलीत ओव्या रचल्या. मुलगा सोपानदेव आणि घरातल्या माणसांनी उतरवून घेतल्या तेवढ्या राहिल्या. 1951 साली त्या गेल्या. नंतर सोपानदेवांनी ती वही आचार्य अत्र्यांना दाखवली आणि 1952 साली पुस्तक आलं. महाराष्ट्रानं त्यांना ओळखलं ते त्या गेल्यावर. आज जळगावच्या विद्यापीठाला त्यांचं नाव आहे, 2018 पासून.

मला यातून धुळेकरांच्या प्रश्नाशी भिडायचं आहे. बहिणाबाईंच्या आयुष्यात तो वसंतातला तळ्याचा प्रसंग आलाच नाही. कोणी मोठ्या हंसांनी त्यांच्याभोवती फेर धरला नाही. तरी त्या रचत राहिल्या. सकाळी दळायला बसलेल्या बाईला आपण कमी आहोत असं वाटत असतं तर तिनं सुगरणीच्या खोप्याकडे इतकं निरखून पाहिलं नसतं. आमच्या गावातल्या जुन्या बाया त्यांच्याबद्दल "कवयित्री" असं बोलत नाहीत, "आमची बहिणाई" म्हणतात. त्यांच्यासाठी ती आधीपासूनच तेवढी होती.

---

निवृत्त_मास्तर

सर्वांचे प्रतिसाद मनापासून वाचले. छत्तीस वर्षं शिक्षक होतो, त्यामुळे थोडं लेखकाबद्दल सांगावंसं वाटतं.

अँडरसनचा जन्म 1805 सालचा, डेन्मार्कमधल्या ओडेन्स गावचा. बाप चांभारकाम करायचा, आई लोकांचे कपडे धुवायची. बाप लवकर वारला. चौदाव्या वर्षी हा पोरगा एकटा कोपनहेगनला गेला. गाणं, नाच, नाटक, सगळीकडे धडपडला, नाटकगृहानं शेवटी परत पाठवलं. एका भल्या माणसाच्या मदतीनं सतराव्या वर्षी शाळेत बसायला मिळालं, तेही आपल्याहून कितीतरी लहान मुलांच्या वर्गात. तिथले हेडमास्तर त्याला सगळ्यांदेखत टाकून बोलायचे. वर्षानुवर्षं. पुढे सगळं जग त्याला ओळखायला लागलं तरी त्या शाळेची आठवण त्याला सोडून गेली नाही. म्हणून मला त्या अंड्याच्या वाक्याचा राग येत नाही, माया वाटते. ज्याला जन्मभर "तू आमच्यातला नाहीस" हे ऐकावं लागलं, त्या माणसानं "मी दुसऱ्या अंड्यातून आलो होतो" असं म्हणून स्वतःला सावरलं असेल. वाक्य चुकीचं असू शकतं, दुखणं खरं होतं.

आणि आपल्या अमळनेरचंच बघा. 1924 ते 1930 या काळात साने गुरुजी इथल्या प्रताप हायस्कूलमध्ये शिकवायचे आणि वसतिगृह सांभाळायचे. मुलांच्या खोल्या झाडायचे, आजारी मुलाच्या उशाशी बसायचे, मुलांचे मळके कपडे स्वतः धुवायचे. लांबच्या खेड्यातून आलेलं, बुजलेलं पोर त्या वसतिगृहात काय अनुभवत असेल याचा विचार मी नोकरीभर केला. गोष्टीत लाकडी जोड्यानं बर्फ फोडणारा शेतकरी फक्त दोन ओळींपुरता येतो. त्याला नाव नाही, तो परत दिसत नाही. मी वर्गात शिरताना त्याचीच आठवण ठेवायचा प्रयत्न केला. नेहमी जमलं नाही. एका मुलाला मी फळ्यासमोर उभं करून जे बोललो होतो ते मला आजही रात्री आठवतं.

---

सातपुड्याची_लेक

मास्तर, तो मुलगा कुठे आहे हे माहीत असेल तर त्याला एकदा भेटा. मी त्याच्या जागी असते तर मला आवडलं असतं.

---

निवृत्त_मास्तर

माहीत आहे ताई. चोपड्याला त्याचं मोटार रिवाइंडिंगचं दुकान आहे. जातो.

---

केळीबाग_रावेर

मध्ये एक गोष्ट राहून गेली. हंसाचं राखाडी पिल्लू एका हिवाळ्यात पांढरंशुभ्र होत नाही, त्याला वर्षाच्या वर लागतं. गोष्टीसाठी ते लवकर उरकलंय. हे पोरांना सांगा. हतनूर धरणाच्या पाण्यावर थंडीत पाहुणी बदकं उतरतात तेव्हा मी धाकट्याला घेऊन जातो, त्यांच्यातही किती तरी मळकट, ना धड इकडचे ना तिकडचे असे दिसतात. पोरगा दुर्बिणीतून त्यांच्याकडेच जास्त वेळ बघतो.

---

बोरीकाठ

तुम्हा सगळ्यांमुळे मी गोष्ट पुन्हा पहिल्यापासून काढली आणि एक वाक्य सापडलं, जे मी तिन्ही रविवारी वाचूनही माझ्या लक्षात आलं नव्हतं. अगदी सुरुवातीलाच आहे. उन्हाळ्याचे दिवस, शेतं पिवळी झालेली, गवताच्या गंजी लागलेल्या, आणि एक करकोचा लांब तांबड्या पायांनी चालत इजिप्तची भाषा बोलतोय, कारण त्याच्या आईनं त्याला तीच शिकवलेली असते. बस, एवढंच. पिल्लू अजून अंड्यात आहे. कुरणात करकोचा आपल्या आईच्या भाषेत बडबडत फिरतोय आणि कोणी त्याला हसत नाही.

आमच्या पाराशेजारी एक आजी राहतात. त्या दर रविवारी ओट्यावरून ऐकतात, मध्ये बोलत नाहीत. काल त्यांना विचारलं, ही गोष्ट आपल्या बोलीत सांगाल का? म्हणाल्या, सांगते, पण हंस मी पाहिलेला नाही, करकोचा पाहिलाय. त्यामुळे येत्या रविवारी करकोच्यापासून सुरुवात आहे. "माले पानीमा जानं शे" हे पिल्लाचं वाक्य पाचवीतला तो डोहवाला पोरगा म्हणणार, असं त्यानं स्वतःच ठरवून टाकलंय. कोंबडीला अजून कोणी मिळालेलं नाही. पारोळ्याच्या भाऊ, सुट्टीला घरी असाल तर याल का? साडेआठला बसतो, ऊन चढायच्या आत.

---

पारोळ्याचा_पोऱ्या

येतो ताई. आईलाही आणतो.